ओवी की इरा? वृषभ राशीच्या मुलीचं नाव ठरवताना

पत्रिका आली, रास वृषभ निघाली आणि ‘ओवी’ की ‘इरा’ इथे येऊन गाडी अडली, अशा आईबापांसाठी हे लिहितोय. आमच्याही घरी नेमकं हेच झालं होतं. आमची लेक आता बालवाडीत जाते. माझ्या जवळच्या मित्राची मुलगी तिच्याच वयाची. आम्ही यातलं एक नाव ठेवलं, त्यांनी दुसरं. त्यामुळे दोन्ही नावं रोजच्या वापरात कशी चालतात ते जवळून बघायला मिळालं.

आधी अक्षरांचं उरकून घेऊ. पंचांगात प्रत्येक नक्षत्राचे चार भाग, म्हणजे चरण, आणि प्रत्येक चरणाचं नावासाठी एक अक्षर. कृत्तिका नक्षत्राची चरणाक्षरं अ, ई, उ, ए आणि रोहिणीची ओ, वा, वी, वू. कृत्तिकेचा पहिला चरण मेषेत जातो, उरलेले तीन वृषभेत; रोहिणी पूर्ण वृषभेतच. म्हणजे घरातली मोठी माणसं फक्त राशीपुरतं बघत असतील तर ओवी आणि इरा दोन्ही चालतात. चरणापर्यंत काटेकोर असतील तर रोहिणीचा पहिला चरण ओवीकडे जातो आणि कृत्तिकेचा दुसरा इराकडे. प्रश्न तिथेच सुटला तर पुढचं वाचायचीही गरज नाही. नाशिककर म्हणून आमच्याकडे गोदा आणि गौतमीही निघाली होती. त्र्यंबकच्या ब्रह्मगिरीवर उगम, गौतम ऋषींची कथा, दोन्ही नावं आपल्या अंगणातली. पण ग वृषभेत बसत नाही आणि माझ्या आईला अक्षर सोडायचं नव्हतं.

आता अर्थ. इरा हे नाव नवं वाटलं तरी शब्द वैदिक आहे. अन्न, पेय, विशेषतः दुधासारखं तृप्त करणारं काही, हा त्याचा जुना अर्थ. पुढे पाणी, पृथ्वी, वाणी आणि वाणीची देवता सरस्वती असे अर्थ त्याला चिकटले. पुराणात इरा ही दक्षाची कन्या आणि कश्यपाची पत्नी. रावी नदीचं संस्कृत नाव इरावती, तेही याच शब्दावरून. म्यानमारमधली इरावती निराळी. मानववंशशास्त्रज्ञ इरावती कर्वे यांचा जन्म १९०५ साली तिकडेच झाला आणि त्यांचं नाव त्या नदीवरून ठेवलं गेलं. नावांच्या साइटवर इराचा अर्थ ‘सावध, जागरूक’ असाही दिसेल. तो हिब्रू भाषेतल्या वेगळ्या नावाचा अर्थ आहे, आणि ते नाव पुरुषाचं. अमेरिकन गीतकार इरा गर्श्विन हे पुरुषच. तिकडे उच्चारही ‘आयरा’ होतो. ज्यांना उद्या परदेशी जायचंय त्यांनी एवढं ध्यानात ठेवावं, पण माझ्या मते त्यावरून नाव बाद करण्यासारखं काही नाही.

ओवीचा अर्थ मराठी माणसाला सांगावा लागत नाही, म्हणून तिच्या वयाबद्दल सांगतो. बाराव्या शतकात कल्याणीच्या चालुक्यांपैकी तिसऱ्या सोमेश्वराने ‘मानसोल्लास’ हा ग्रंथ रचला. महाराष्ट्रात बायका कांडताना ओवी गातात, अशी नोंद त्यात आहे. म्हणजे १२९० साली ज्ञानेश्वरी झाली, तिच्या नऊ हजारांच्या आसपास ओव्या नेवाशात लिहिल्या गेल्या, त्याच्याही आधीपासून ओवी उखळाशी आणि जात्याशी होती. ग्रंथातल्या ओवीचे पहिले तीन चरण यमकात बांधलेले आणि चौथा आखूड, मोकळा. जात्यावरची ओवी याहून सैल, बाईच्या श्वासाच्या मापाची. हेमा राईरकर आणि गी प्वातवाँ यांनी महाराष्ट्रातल्या गावागावांतून अशा लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या. त्यातली बहुतेक ओवी लेकीची, भावाची, माहेरच्या वाटेची. ज्या बायकांना लिहिता येत नव्हतं त्यांनी आपलं म्हणणं ज्यात ठेवलं तो हा प्रकार, आणि तो शब्द आज मुलीचं नाव झालाय, याचं मला मनापासून अप्रूप वाटतं. त्र्यंबकला निवृत्तिनाथांची समाधी आहे. पौषातल्या यात्रेला दिंड्या आमच्या भागातून पुढे जातात. धाकट्या भावाकडून गीतेवर ओव्या लिहवून घेणारा थोरला इथेच विसावलाय, त्यामुळे नाशिकमध्ये हे नाव उपरं वाटत नाही.

लोकप्रियतेबद्दल जपून बोलावं लागेल. इंग्लंड-अमेरिकेत सरकार दरवर्षी नवजात मुलांच्या नावांची यादी काढतं, तशी आपल्याकडे निघत नाही. ‘यंदाची टॉप नावं’ म्हणून जे फिरतं ते बहुधा त्या त्या साइटवर लोकांनी काय शोधलं त्याचं गणित असतं. मी माझ्या कानावर जातो. गंगापूर रोडला मुलांच्या वाढदिवसांना गेलो की इरा हमखास भेटते. आमच्या लेकीच्या वर्गात दोघी आहेत आणि बाई त्यांना आडनावाच्या अक्षरासकट हाक मारतात. ओवी वर्गात एकच. निफाड-सिन्नरकडच्या बारशांत मात्र ओवी बऱ्यापैकी ऐकू येते. मायरा-कियाराच्या लाटेत दोन्ही नावं टिकून आहेत, हे चांगलंच.

आमच्याकडे निकाल लागला तो मात्र वेगळ्याच कारणाने. बारशाआधी आम्ही दोन्ही नावं घरात वापरून बघत होतो. आईला इरा आवडलं होतं, पण तिच्या तोंडून ते ‘हिरा’ होऊन यायचं. ती निफाडकडची. तिच्या लहानपणी गल्लीत हिराबाई होती, हिराक्का होती, तिचा कान त्या नावाला सरावलेला. सांगितलं की दोनदा नीट म्हणायची, तिसऱ्यांदा पुन्हा हिरा. फोनवर नातेवाइकांना तर सरसकट ‘मीरा’ ऐकू यायचं. ‘मीरा नाही हो, इरा. म नाहीये त्यात.’ ‘अच्छा, हिरा.’ हे संभाषण मी इतक्यांदा केलं की पुढे समोरचा काय म्हणणार ते मला आधीच कळायचं.

मग एकदा बाळाला मांडीवर घेऊन बोलत होतो तेव्हा कारण ध्यानात आलं. मराठीत लेकीच्या नावाआधी आपण जे शब्द लावतो ते बहुतेक ईवर संपतात: माझी, आमची, छोटी, लाडकी, शहाणी. त्यांच्यामागे इरा आली की तिचा पहिला स्वर त्या ईत विरघळून जातो. ‘माझी इरा’ जरा पटकन म्हणून बघा, ‘माझीरा’ होतं. पुढे ‘आली’ किंवा ‘आहे’ आलं की शेवटचा आसुद्धा जातो. ‘आमची इरा आली’ हे एका दमात म्हटलं तर नावातला ठसठशीत असा फक्त र उरतो. मुलीचं नाव आपण सर्वात जास्त घेतो ते असंच, वाक्याच्या मधे, घाईत, लाडात. नेमकं तिथेच ते नाहीसं होत होतं आणि ते मला फार खटकायला लागलं. ओवीचं तसं होत नाही. ईच्या मागे ओ आपल्या जागी स्पष्ट उभा राहतो. ‘माझी ओवी’, ‘ओवी आली’, कुठूनही म्हणा, नाव पूर्ण ऐकू येतं. माझ्या बहिणीने, म्हणजे आत्याने, बाळाच्या कानात कुर्र करून ओवी हे नाव सांगितलं.

लांबून हाक मारायला इरा चांगलं आहे, हे मान्य करायला हवं. शेवटचा आ हवा तितका लांबवता येतो, मित्राची बायको तिसऱ्या मजल्यावरून हाक मारते ती खालपर्यंत जाते. पण बाकी त्रास त्यांच्याही वाट्याला आलाच. पहिल्या वाढदिवसाच्या केकची ऑर्डर फोनवर दिली होती, केकवर ‘मीरा’ लिहून आलं. मी सराफ बाजारात त्या बाळासाठी चांदीची वाटी घेतली. नाव कोरणाऱ्या कारागिराने हात थांबवून विचारलं, ‘पहिला इ की दुसरा?’ मित्राला फोन लावला तर त्यांच्याकडे बारशाच्या पत्रिकेवर दीर्घ होता आणि जन्मदाखल्यावर ऱ्हस्व. संस्कृतात शब्द ऱ्हस्व आहे, मी तोच कोरून घेतला.

ओवीतही खोड्या आहेत. अर्ज इंग्रजीतून मराठीत आपोआप उतरवणारी यंत्रणा हमखास ‘ओव्ही’ करते. वर्गातली पोरं ‘ओवा’ म्हणून चिडवतात. ते चार दिवस टिकतं आणि विरतं. अमराठी शेजाऱ्यांना अर्थ समजावून सांगावा लागतो. मला त्याचा कंटाळा येत नाही, कुणाला येऊ शकतो.

कागदांचं दोन्ही नावांना सारखंच लागू आहे. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची, पण नाव त्याच वेळी द्यायलाच हवं असं नाही. वर्षाच्या आत ते विनाशुल्क घालता येतं, त्यानंतर विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. मात्र १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्यांसाठी शाळा, आधार, पासपोर्ट सगळीकडे जन्मतारखेचा पुरावा म्हणून जन्मदाखलाच चालतो. तेव्हा नावाची घाई नको, आणि दाखल्यावरचं इंग्रजी स्पेलिंग स्वतः वाचल्याशिवाय काउंटर सोडू नका.

आजोळ अमराठी असेल, किंवा घरात बोलणं जास्त करून हिंदी-इंग्रजीत होत असेल, तर इरा सोयीचं पडेल. तसं असेल तर दाखल्यावर ‘इरावती’ लावा आणि घरात इरा म्हणा. पूर्ण नावात इतका आवाज आहे की फोनवर कुणी मीरा ऐकणार नाही. घरात दिवसभर मराठी चालत असेल, आजी-आजोबा सोबत असतील, तर मी ओवी सुचवेन. स्पेलिंग ओ, व्ही, आय एवढंच ठेवा. शेवटी दोन ई लावण्याची हल्ली पद्धत पडलीये, पण तीन अक्षरांत नाव नीट वाचलं जातं आणि चौथं लावलं की प्रत्येक खिडकीवर ते उच्चारून दाखवावं लागतं.