पावती फुटेजची, हक्क भलत्याचे

जुनं फुटेज विकत घेताना फसगत होते ती बहुतेक वेळा फायनल एडिटच्या आठवड्यात. सात सेकंदांचा एक शॉट अडलेला असतो आणि कुणी मध्यस्थ नेमका तोच पुढे करतो, 'उद्या मास्टर (पूर्ण दर्जाची फाइल) देतो' म्हणत. दर फिल्म संग्रहालयापेक्षा बराच कमी. वॉटरमार्कवाला स्क्रीनर, म्हणजे बघण्यापुरती कॉपी, येतो, पैसे जातात, भलीमोठी प्रोरेस (एडिटिंगसाठीचा जड व्हिडिओ प्रकार) फाइल आणि एका पानाचं लायसन्स हातात पडतं. प्रसारण झालं की खऱ्या मालकाची नोटीस येते.

ती फाइल नेटवरून उतरवून सॉफ्टवेअरने फुगवलेली असते. फाइलच्या वजनाला भुलू नका; प्रोरेसमध्ये काढली की कुठलीही कॉपी जड होते. एकेक फ्रेम सरकवून बघा. 'फिल्मचं नवं स्कॅन' म्हणून दिलेल्या, सेकंदाला 29.97 फ्रेमच्या फाइलीत दर पाचांतल्या दोन फ्रेमवर कंगव्याच्या दातांसारख्या रेघा दिसल्या, तर माल जुन्या व्हिडिओवरून आलाय. 24 फ्रेमची फिल्म त्या वेगात बसवताना पडलेल्या त्या खुणा. चेहरे मेणासारखे आणि ग्रेन (फिल्मचा दाणेदारपणा) गायब, हेही संशयाचंच.

सोपी परीक्षा म्हणजे शॉटच्या आधीची आणि नंतरची दहा-दहा सेकंदं मागायची. कॉपीवाल्याकडे ती नसतात. अर्थात खऱ्या मालकाकडेही कधी कधी फक्त कापलेलं न्यूजरील (जुना बातमीपट) असतं. मग फिल्मच्या कडेच्या स्प्रॉकेट भोकांपर्यंतचा, कडा दिसणारा एक स्टिल मागा. कोडॅकच्या जुन्या फिल्मच्या कडेला वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशा चिन्हांत स्टॉक, म्हणजे कोरी फिल्म, बनल्याचं वर्ष असतं. तीच चिन्हं वीस वर्षांनी पुन्हा येतात आणि हातातली प्रिंट नंतरची असू शकते, त्यामुळे एवढ्यावर निकाल देऊ नये. पण ज्याच्याकडे रीळच नाही, तो इथे टाळाटाळ करू लागतो.

दुसरा धंदा आणखी निर्लज्ज. अमेरिकेच्या फेडरल सरकारी कर्मचाऱ्यांनी नोकरीचा भाग म्हणून केलेल्या चित्रणावर त्या देशात कॉपीराइट नसतो. नासाचं बरंचसं चित्रण असंच खुलं आहे. तेच 'एक्सक्लुझिव्ह' म्हणून विकतात. स्कॅनिंगचे पैसे घेतले तर रास्त, हक्काचे कसले? मात्र सरकारी फिल्ममध्ये बाहेरून घेतलेलं संगीत असेल, तर त्याची परवानगी वेगळी.

कागदात तीन जागा वाचा. हमी 'आमच्या माहितीप्रमाणे' अशी आहे का? भरपाई भरलेल्या फीपुरतीच आहे का? तसं असेल तर शॉट बदलून पुन्हा ग्रेडिंग-मिक्सिंग (रंग आणि आवाजाची जुळणी) करायचा खर्च तुमच्याच गळ्यात. आणि ईमेलमध्ये 'सर्व माध्यमं, जगभर, कायमस्वरूपी' कबूल करून लायसन्समध्ये 'टीव्ही, पाच वर्षं' लिहिलंय का? सही झाली की ईमेल दाखवून भागत नाही.

पूर्ण रक्कम आगाऊ देऊ नका. हक्क मूळ मालकाकडून विक्रेत्यापर्यंत कसे आले त्याचे करार आधी मागा, अर्धे पैसे ते वाचल्यावर आणि उरलेले मास्टर तपासल्यावर.