पेन्शन: जर्मनीचे पॉइंट की नेदरलँड्सचा मुक्काम?

देश शेजारी, पण म्हातारपणाचा हिशेब अगदी वेगळा. जर्मनीची पद्धत बिस्मार्कच्या काळातली, 1889 च्या कायद्यातून आलेली. पगाराच्या 18.6 टक्के वर्गणी. निम्मी मालकाची, निम्मी कामगाराची. सरासरी पगारावर वर्ष काढलं की एक पॉइंट, निम्म्या पगारावर अर्धा. निवृत्त होताना पॉइंट मोजून पेन्शन ठरते. म्हणजे नोकरीत जो मागे राहिला, तो म्हातारपणीही मागेच. शिवाय आजची वर्गणी आजच्याच पेन्शनरांना वाटून टाकतात, गंगाजळी नावापुरती. उरलेली तूट दरवर्षी सरकारी तिजोरीतून भरायची.

नेदरलँड्सची 1957 पासूनची मूळ पेन्शन, एओडब्ल्यू, पगार विचारतच नाही. देशात राहिलेल्या प्रत्येक वर्षाचे दोन टक्के, 50 वर्षांत पूर्ण. आयटीतल्या नवऱ्याबरोबर पुण्याहून आइंडहोवनला गेलेल्या, नोकरी न करणाऱ्या बायकोच्या नावावरही पाच वर्षांत दहा टक्के जमतात. जर्मनीत तिला लहान मूल सांभाळल्याचे पॉइंट मिळतील, एरवी फारसं काही नाही.

डच लोकांचा वरचा मजला म्हणजे नोकरीतले पेन्शन फंड. इथे पैसा खरोखर गुंतवलेला असतो, त्यामुळे बाजाराची झळही बसते. 2008 च्या मंदीनंतर, 2013 मध्ये काही फंडांनी चालू पेन्शनलाच कात्री लावली. मला पाया डचांचाच उजवा वाटतो. वरच्या मजल्याची मात्र तेवढी खात्री नाही. 2023 च्या कायद्यानंतर तर ठरावीक रकमेचं वचनही मागे पडत चाललंय.