पोटगीचा दावा, नवऱ्याचा व्हिसा आणि खरं बोलणाऱ्या वकीलबाई

अंतरिम, म्हणजे खटला चालू असतानाची, पोटगी थकलेली आणि नवरा परदेशी नोकरीला निघालेला, अशा वेळी मी या वकीलबाईंकडे गेले. मागणं एकच होतं, त्याचा पासपोर्ट जप्त करून द्या. त्याआधी भेटलेल्या एका वकिलांनी ‘करू की, त्यात काय!’ म्हणत थेट फीच सांगितली होती.

मॅडमनी आधी रोजनामा (कोर्टातल्या कामकाजाची तारीखवार नोंद) आणि पोटगीचा हुकूम वाचला. मग म्हणाल्या, ‘हे होणार नाही.’ पासपोर्ट जप्त करण्याचा अधिकार पासपोर्ट कायद्याच्या कलम १० प्रमाणे पासपोर्ट अधिकाऱ्याचा. सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये सुरेश नंदा खटल्यात हे स्पष्ट केलंय. शिवाय परदेशी जाणं हा राज्यघटनेच्या कलम २१ मधल्या व्यक्तिस्वातंत्र्याचा भाग, हे १९७८ च्या मनेका गांधी निकालानेही सांगितलंय. आणि लुकआउट नोटीस, म्हणजे देशाबाहेर जाताना अडवण्याची सूचना? ती मुख्यतः फौजदारी गुन्ह्यात चुकवाचुकवी करणाऱ्यांसाठी. नुसती पोटगी थकली म्हणून विमानतळावर कुणी हात धरत नाही.

मी खट्टू झाले. तेव्हा त्यांनी विचारलं, ‘तो इथे नोकरी सोडून घरी बसला, तर तुमच्या खात्यात काय येणार?’

अर्ज मग त्या हिशेबाने लिहिला. कोर्टाच्या परवानगीशिवाय त्याने देश सोडू नये. आणि परवानगी द्यायचीच तर आधी थकबाकी भरावी, पुढच्या काही महिन्यांची रक्कम कोर्टात जमा करावी, तिकडचा पत्ता आणि नोकरीचं पत्र द्यावं, इथला जामीनदार द्यावा. नोकरीच्या पत्राची मागणी तर फारच हुशारीची. २०२० च्या रजनेश विरुद्ध नेहा निकालानुसार दोघांनाही मिळकतीचं आणि देण्याचं शपथपत्र द्यावं लागतं, परिस्थिती बदलली तर पुरवणीही. आमचे हे कोर्टात बेकार आणि व्हिसासाठी परदेशी वकिलातीत लखपती! ते पत्र दाखल झालं आणि त्यांच्या वकिलांचा सूरच बदलला. न्यायाधीशांनी जायची परवानगी दिली, पण अटींवर. थकबाकी विमान सुटण्याआधी जमा झाली.

आणखी एक. फॅमिली कोर्टात वकील लावणं हा हक्क नाही, फॅमिली कोर्ट कायद्याच्या कलम १३ प्रमाणे कोर्टाची परवानगी लागते. बऱ्याचदा न्यायाधीश पक्षकारालाच विचारतात. मॅडमनी हे आधी सांगून माझ्याकडून उत्तरं घोकून घेतली. ‘तो वाईट आहे’ नको, ‘अमुक महिन्यापासून पैसे नाहीत’ एवढंच बोला. त्या दिवशी त्याचा फार उपयोग झाला.

आता कुरकुर. ऑफिसचा कारकून फोन उचलत नाही, उचलला तर ‘तारीख कळवतो’ म्हणून ठेवतो. हुकुमाची नक्कल मिळवायला मलाच कोर्टातल्या खिडकीशी ताटकळावं लागलं. झेरॉक्स, टायपिंग, नोटरी यांचे पैसे फीमध्ये धरलेले नसतात, हे बिल हातात आल्यावर कळतं. आधी सांगायला काय हरकत होती?

पाचपैकी चार तारे. नवऱ्याला अद्दल घडवायची असेल त्यांनी जाऊ नये, बाई तोंडावर नाही म्हणतात. पुढे हप्ता चुकला तर दरखास्त (वसुलीचा अर्ज) मी यांच्याकडूनच टाकणार. जाल तेव्हा कारकुनाचा नको, ज्युनिअर मुलीचा नंबर मागून घ्या. ती मेसेजला उत्तर देते.