कमोडमागे सापडलेली जाळी

फ्लश टँक नीट भरत नव्हता, एवढीच तक्रार होती. एरवी दोन-तीन मिनिटांत भरणारा टँक आता अर्धा अर्धा तास घ्यायचा. आईचे गुडघे दुखतात आणि तिला दर वेळी बादली उचलून पाणी ओतावं लागत होतं. ते बघवेना, म्हणून फारशी चौकशी न करता मिळेल तो प्लंबर बोलावला. ती घाई मला भोवली.

त्याने झाकण काढलं, फ्लोट, म्हणजे पाण्यावर तरंगणारा भाग, वरखाली करून पाहिला आणि "पूर्ण सेट गेलाय", म्हणजे टँकमधली सगळी यंत्रणाच खराब झालीय, असं सांगून टाकलं. मग भिंतीजवळचा अँगल कॉक, म्हणजे टँकचं पाणी चालू-बंद करायचा नळ, बंद करून कनेक्शन पाइप सोडवला आणि मला पाण्याचा मग आणायला पाठवलं. मी आल्यावर पाइपचं तोंड मगात धरून त्याने कॉक उघडला. दोऱ्यासारखी धार. "बघा साहेब, लाइनच चोकअप आहे. नुसता सेट बदलून भागणार नाही, भिंत फोडून पाइप बदलावा लागेल." धार डोळ्यांना दिसत होती, शंका कशी घेणार? सेट त्याच दिवशी बदलला. लाइनच्या कामाचे निम्मे पैसे आगाऊ घेतले, वर "घरात म्हातारं माणूस आहे, टाळू नका" असंही सांगितलं. जुना सेट भंगारात टाकतो म्हणून पिशवीत घालून घेऊन गेला.

त्यानंतर फोन केला की "उद्या येतो". टँक मात्र पहिल्यासारखाच रडतखडत भरत होता.

पाचव्या दिवशी संडास धुताना कमोडच्या मागे काहीतरी खराट्याला लागलं. नखाएवढी प्लास्टिकची जाळी. कडेला पांढरा क्षार चढलेला, आत तांबूस रेती इतकी गच्च की उजेडाकडे धरली तरी एक भोक दिसेना. कनेक्शन पाइप जिथे टँकला जोडतात, तिथे टँकमध्ये पाणी सोडणाऱ्या इनलेट व्हॉल्व्हच्या तोंडात ही जाळी बसलेली असते. आदल्याच आठवड्यात आमची वरची पाण्याची टाकी धुतली होती. ढवळलेला गाळ पाइपातून येऊन तिथे अडकला होता. म्हणजे खरा दोष त्या माणसाच्या हातात आला होता, आणि त्याने तो काढून मागे टाकून दिला.

मग नव्या सेटलाही पाणी हळू का? मी अँगल कॉकला हात घातला. तो चांगले अडीच फेरे आणखी उघडला आणि टँकमध्ये पाणी धो धो पडू लागलं. मगातली धारही अशीच दाखवलेली होती, कॉक जेमतेम उघडून. मी तिथे उभा होतो, पण पाहत होतो मगाकडे, त्याच्या हाताकडे नाही. याचाच मला सगळ्यात जास्त त्रास होतो.

म्हणून कळकळीने सांगतो, ही तपासणी कोणाला बोलावण्याआधी स्वतः करा. आधी कॉक पूर्ण उघडा आहे का ते बघा. मग तो बंद करून कनेक्शन पाइप टँकच्या बाजूने सोडवा, तोंड बादलीत धरा आणि कॉक तुमच्याच हाताने पूर्ण उघडा. धार जोरात आली तर लाइन ठीक आहे, दोष जाळीत किंवा व्हॉल्व्हमध्ये. जाळी जुन्या टूथब्रशने धुता येते, क्षार असेल तर थोडा वेळ व्हिनेगरमध्ये ठेवायची. फ्लोट टँकच्या भिंतीला घासून अडकत नाही ना, तेही बघा. काही टँक भरतात, पण वापर नसताना अधूनमधून पाणी घेत राहतात, तो प्रकार वेगळा. टँकच्या पाण्यात खाण्याचा रंग टाकून अर्धा तास फ्लश करू नका. भांड्यात रंग उतरला तर तळाचं रबर गळतंय, आणि तेवढंच बदलायचं असतं. पाण्याची पातळी टँकमधल्या उभ्या ओव्हरफ्लो पाइपच्या (जास्तीचं पाणी भांड्यात सोडणाऱ्या नळीच्या) तोंडाच्या दोनेक सेंटिमीटर खाली हवी. वर गेली तर पाणी गुपचूप वाहून जातं.

आणि काढलेला जुना भाग घरातच ठेवून घ्या. माझ्याकडे तो असता तर दुसऱ्या कोणाला दाखवता आला असता.

त्याला शेवटचा फोन केला तेव्हा एवढंच म्हणालो, "जाळी सापडली." पलीकडे क्षणभर शांतता, मग फोन कट. आगाऊ दिलेले पैसे अजून आलेले नाहीत. जाळी धुऊन बसवली आहे, आणि आईला आता बादली उचलावी लागत नाही.