जिभेनं वाचणारा रहस्यकथाकार

बावीस वर्षं प्रुफं तपासतेय. दिवाळी अंकांच्या दिवसांत तर घरी गेल्यावर छापील कागद डोळ्यांसमोर नको होतो. त्यातच टोरांटोहून आलेल्या भाचीनं पुस्तक हातात ठेवलं आणि नाव बघूनच पोटात गोळा आला: 'द मॅन हू फरगॉट हाऊ टू रीड'.

हे आत्मकथन लिहिणारे हॉवर्ड एंगेल म्हणजे कॅनडाचे रहस्यकथाकार. १९८० पासून त्यांनी बेनी कूपरमन या खासगी गुप्तहेराच्या कादंबऱ्या लिहिल्या. घटस्फोटाच्या भानगडी शोधत फिरणारा, अंड्याच्या सँडविचवर जगणारा साधा माणूस. त्याचं ग्रँथम गाव म्हणजे एंगेल यांचं जन्मगाव सेंट कॅथरिन्सच. जुलै २००१ मध्ये एका सकाळी त्यांनी वर्तमानपत्र उचललं, तर मजकूर सर्बो-क्रोएशियनसारख्या परक्या भाषेतला दिसायला लागला. आधी वाटलं, कुणी थट्टा केलीय. तो स्ट्रोक होता. लिहिता येत होतं, पण स्वतः लिहिलेलंही वाचता येत नव्हतं.

पुस्तक छोटं आहे. बालपणाची पानं मी भराभर उलटली. इस्पितळापासून पुढे मात्र खाली ठेवलं नाही. रडारड नाही, उलट स्वतःचीच टिंगल. तक्रार एकच: अक्षरं परत कशी जमत गेली, ते आणखी सविस्तर हवं होतं. ते मला मेंदूविकारतज्ज्ञ लेखक ऑलिव्हर सॅक्स यांच्या 'द माइंड्स आय' या पुस्तकात मिळालं. एंगेल दिसणारं अक्षर जिभेनं टाळूवर, दातांमागे गिरवत आणि त्यावरून ओळखत. मी लगेच 'ळ' करून पाहिला. दुसऱ्या वेटोळ्यातच जीभ अडकली. 'क्ष'च्या वाटेला गेलेच नाही.

मग २००५ची 'मेमरी बुक' मागवली. या कादंबरीत बेनीच डोक्याला मार लागून इस्पितळात पडलाय. वाचता येत नाही, नावं लक्षात राहत नाहीत, आणि वहीत टिपणं करत पलंगावरूनच तपास चाललाय. रहस्य म्हणाल तर बेताचं. पण नावं त्याच्या हातून निसटायला लागली की आपणही मागची पानं चाळायला लागतो. दोन्ही घेणार असाल तर कादंबरी आधी वाचा. मी उलट केलं आणि बेनीची अर्धी धडपड मला आधीच ठाऊक होती.

काल ऑफिसात 'चिकित्सा'च्या वेलांट्या बघत होते. जीभ आपोआप टाळूला लागली.