उभ्या पडद्यावरील हिंदी मालिका
२०१६ मध्ये जिओमुळे डेटा स्वस्त झाला, जून २०२० मध्ये टिकटॉकवर बंदी आल्यानंतर रील्स आणि शॉर्ट्स यवतमाळ जिल्ह्यातील आमच्या गावातही पोहोचले, आणि आता मोबाइल उभा धरून पाहायच्या, दीड-दोन मिनिटांच्या भागांच्या हिंदी मालिका आल्या आहेत. दिवसभर कापूस वेचून थकलेल्या माझ्या आईला लांबलचक मालिकेत झोप लागते, पण हे छोटे भाग ती आवडीने पाहते. मात्र आम्ही घेतलेले ॲप ऐन उत्कंठेच्या क्षणी पैसे मागते. नाममात्र रकमेच्या चाचणीसाठी दिलेली यूपीआय ऑटोपेची (खात्यातून आपोआप पैसे कापण्याची) परवानगी मी वेळेत रद्द न केल्याने पूर्ण वर्गणी कापली गेली, आणि चाचणीनंतर पूर्ण वर्गणी आपोआप कापली जाईल ही अट ॲपने ठळकपणे दाखवायलाच हवी होती. आमच्या वऱ्हाडी बोलीतील एकही मालिका तेथे मला सापडली नाही.