हेगची दोन न्यायालयं: भाचीनं कोणतं घ्यावं?
वेचणीचे दिवस. दारव्ह्याहून भाचीचा फोन आला, मागं आवाज कापूस मोजणाऱ्या काट्याचा. "मामाजी, एलएलबीच्या प्रकल्पाला आंतरराष्ट्रीय न्यायालय घेऊ की आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालय?"

आधी फरक. धुऱ्याचा वाद दिवाणीत जातो, डोकं फोडणाऱ्यावर फौजदारी होते. नेदरलँड्समधल्या हेग शहरातल्या या दोन न्यायालयांतही तसंच. १९४५ च्या संयुक्त राष्ट्रांच्या सनदेतून आलेल्या पहिल्या न्यायालयात फक्त देश उभे राहतात, तेही संमती असेल तरच. २००२ पासूनच्या दुसऱ्यात माणूस उभा राहतो: नरसंहार, युद्धगुन्हे, मानवतेविरुद्धचे गुन्हे, आक्रमण. काँगोचा बंडखोर म्होरक्या थॉमस लुबांगा याला १५ वर्षांखालच्या पोरांच्या हाती बंदुका दिल्याबद्दल २०१२ साली १४ वर्षांची कैद झाली. ते वाचून मला रात्रभर झोप नव्हती.

भारताच्या बाजूनं पाहिलं तर पहिलं जड. पाकिस्ताननं फाशी सुनावलेल्या कुलभूषण जाधव यांच्या प्रकरणात १७ जुलै २०१९ ला १५ विरुद्ध १ असा निकाल आला: पाकिस्ताननं वकिलातीला भेटू द्यावं, शिक्षेचा फेरविचार करावा. सुटका मात्र नाही. फौजदारी न्यायालय ज्यातून आलं, त्या रोम करारावर तर भारताची सहीच नाही.

अंमलबजावणीत दोन्ही लंगडी. सुदानचे तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष ओमर अल-बशीर यांच्यावर २००९ ला वॉरंट निघालं, तरी ते परदेशी फिरत राहिले. फौजदारी न्यायालयाकडं स्वतःचे पोलीसच नाहीत.

स्पर्धा परीक्षा द्यायची असेल, तर पहिलं घे बाई, जाधव निकाल मुळातून वाच. पीडितांची वकिली करायची असेल, तर लुबांगापासून सुरू कर.